जानेवारीतला कागद

मुंबईत भाड्याच्या घरात राहणाऱ्याला अकरा महिन्यांच्या ॲग्रीमेंटचं दुखणं समजावून सांगावं लागत नाही. दहावा महिना लागला की घरमालकाच्या फोनची धास्ती सुरू होते. चीनच्या खालच्या लीगमधल्या फुटबॉलपटूची कारकीर्द याच चालीनं चालते. एक हंगाम, एक शहर, एक जर्सी आणि डिसेंबरात पुन्हा बॅग भरायची. विंचवाचं बिऱ्हाड पाठीवर. आपल्याकडं घर सोडताना निदान डिपॉझिट परत मिळण्याची आशा तरी असते.

चिनी फुटबॉल म्हटलं की आपल्याला २०१६-१७ ची उधळण आठवते. हल्क, ऑस्कर, तेवेझ असे परदेशी तारे आणि डोळे फिरतील असे पगाराचे आकडे. ती वरच्या मजल्यावरची गोष्ट. खाली जिन्याजवळ राहणाऱ्यांची गोष्ट वेगळी आहे आणि ती समजायला आधी इमारतीचा नकाशा लागतो.

सर्वांत वर सुपर लीग. तिच्याखाली 'जिया' आणि त्याखाली 'यी'. ही चिनी मोजणीतली जुनी अक्षरं, आपल्या 'अ' आणि 'ब' सारखी. मग 'अ' ची पाटी असलेली लीग दुसऱ्या दर्जाची कशी? १९९४ मध्ये व्यावसायिक फुटबॉल सुरू झालं तेव्हा 'जिया अ' हीच अव्वल लीग होती. २००४ मध्ये तिच्या जागी सुपर लीग आणली, 'जिया' ची पाटी एक पायरी खाली सरकली. 'यी' च्याही खाली हौशी संघांची चॅम्पियन्स लीग आहे. नाव वाचून फसू नका, तिथं एखाद्या गावात सगळे संघ गोळा करून थोड्या दिवसांत सामने उरकतात. कोल्हापूरच्या शाहू स्टेडियमवरची एखादी स्पर्धा डोळ्यांसमोर आणा, फक्त गर्दी वजा करा.

'आपली पोरं तिकडं खेळू शकतील का' हा प्रश्न मुंबईच्या कूपरेज मैदानाच्या गॅलरीत अधूनमधून निघतो. 'यी' मध्ये नाही, तिथं परदेशी खेळाडूला नोंदणीच नाही. 'जिया' मध्ये मोजक्या परदेशी जागा असतात आणि त्या सहसा गोल करणाऱ्या ब्राझिलियन किंवा आफ्रिकी खेळाडूंकडं जातात. गोलकीपर असाल तर विषयच सोडा. चीनच्या व्यावसायिक लीगमध्ये परदेशी गोलकीपरवर २००१ पासून बंदी आहे. त्यामुळं खालच्या लीगचा फिरस्ता खेळाडू म्हणजे जवळपास नेहमीच चिनी माणूस.

त्याचं वर्ष मार्चमध्ये नाही, जानेवारीत सुरू होतं. करार संपलेला असतो, एजंटकडून निरोप येतो, 'अमुक संघ कुनमिंगला सरावाला आहे, ये.' नैर्ऋत्य चीनमधल्या कुनमिंगचं हायगंग केंद्र हे चिनी फुटबॉलचं जुनं हिवाळी तळ. उंची साधारण १,९०० मीटर, म्हणजे आपल्या कळसूबाईच्या शिखरापेक्षाही वर. हवा सौम्य, पण विरळ. सपाटीवरून थेट आलेला खेळाडू पहिले तीन-चार दिवस धावताना तोंडानं श्वास घेतो आणि चाचणी नेमकी त्याच दिवसांत असते. शहाणे खेळाडू म्हणून आठवडाभर आधी पोचतात आणि स्वतःच्या खर्चानं राहतात. चाचणीला आलेल्यांचा प्रवासखर्च बहुतेकदा स्वतःचाच. तिथं पाय मुरगळला तर उपचारही स्वतःचे, कारण कागदावर तो अजून कोणाचाच खेळाडू नसतो.

करार होतो तो नोंदणीची मुदत संपत आली की. संघाला घाई नसते, खेळाडूला असते. म्हणून एक वर्षाचा करार आणि फार तर पुढच्या वर्षाचा पर्याय. तो पर्यायही क्लबच्या हातात. रकमेचे साधारण तीन भाग: मूळ पगार, सही केल्याबद्दलची रक्कम आणि सामना जिंकल्यावरचा बोनस. पैसे आटू लागले की आधी बोनस थांबतो, मग सहीच्या रकमेचा दुसरा हप्ता, शेवटी पगार. अनुभवी खेळाडू बोनस किती हे नंतर विचारतो. गेल्या हंगामातला शेवटचा बोनस कधी जमा झाला, हे तो आधी विचारतो आणि तेही सहकाऱ्यांना, मॅनेजरला नाही.

हंगाम मार्चच्या आसपास सुरू होऊन ऑक्टोबर-नोव्हेंबरपर्यंत चालतो. 'यी' मध्ये आधी उत्तर आणि दक्षिण असे गट पाडतात. उत्तरेतल्या दालियनहून दक्षिणेतलं कुनमिंग सरळ रेषेत दोन हजार किलोमीटरच्या वर आहे, असा प्रवास दर पंधरवड्याला या क्लबांना झेपत नाही. गटानंतर वर चढणाऱ्यांची वेगळी फेरी, खाली घसरणाऱ्यांची वेगळी. गुडघ्याचा लिगामेंट तुटला तर परतायला आठ-नऊ महिने लागतात आणि करार बारा महिन्यांचा. मे महिन्यात जखमी झालेला खेळाडू बरा होतो तेव्हा तो बेरोजगार असतो.

आता मथळ्यातला तो कागद.

दर हिवाळ्यात चिनी फुटबॉल संघटनेकडं प्रत्येक क्लबला 'पगार आणि बोनस पुष्टिपत्र' भरून द्यावं लागतं. त्याशिवाय पुढच्या हंगामात प्रवेश नाही. मजकूर साधा: नाव, करार, अमुक तारखेपर्यंतची सगळी रक्कम मिळाली, खाली खेळाडूची सही. चीनमध्ये सहीसोबत लाल शाईचा अंगठा उमटवायची पद्धत आहे, आपल्या निळ्या अंगठ्यासारखीच. हेतू उत्तम. खेळाडूचा पगार थकवणाऱ्या क्लबला दारातच अडवायचं आणि अडवायची किल्ली खेळाडूच्याच हातात द्यायची.

इथंच गोम आहे. समजा सहा महिन्यांचा पगार बाकी आहे. मॅनेजर कागद पुढं सरकवतो आणि म्हणतो, सही केलीस तर क्लबला परवाना मिळेल, नवा प्रायोजक येईल, तुझे पैसे मार्चमध्ये देऊ. नाही केलीस तर क्लब बंद, तुझेही पैसे बुडाले आणि बाकीच्या तीस जणांचेही. खेळाडूनं सही केली तर 'सगळं मिळालं' असा पुरावा त्यानं स्वतःच्या हातानं लिहून दिला. नाही केली तर क्लब बुडाल्याचं पाप त्याच्या माथी. इकडं आड तिकडं विहीर म्हणतात ते हेच. बरेचजण सही करतात. शहाणे त्याबरोबर क्लबचा शिक्का असलेलं थकबाकीचं वेगळं पत्र मागतात. शिक्का महत्त्वाचा. चीनमध्ये कंपनीच्या गोल लाल शिक्क्याशिवाय नुसत्या सहीला फारसं वजन नाही.

२०२० मध्ये या कागदानं काय होतं ते एकदम दिसलं. पगाराच्या निकषावर ११ क्लबांचा प्रवेश संघटनेनं नाकारला आणि काहींनी आपणहून माघार घेतली. नाकारलेल्यांत ल्याओनिंग होता, १९९० मध्ये आशियाई क्लब विजेतेपद जिंकलेला संघ. त्याच सुमारास सुपर लीगमधला तियानजिन तियानहाय बंद पडला आणि त्याची जागा भरायला आधल्या हंगामात घसरलेला शेनझेन वरच राहिला. म्हणजे मैदानावर लागलेला निकाल पुढच्या वर्षी कागदानं फिरवला. खालच्या लीगमध्ये हे वारंवार होतं. बढती मिळवलेल्या संघातला खेळाडू बेकार आणि तळाला राहिलेल्या संघातला खेळाडू वरच्या दर्जात, असा उलटा खेळ.

क्लब इतके ठिसूळ का? कारण तिकीटविक्रीवर ते कधी चाललेच नाहीत. मालक बहुधा बिल्डर किंवा व्यापारी समूह आणि क्लब म्हणजे त्यांची जाहिरात, शिवाय शहराच्या प्रशासनाशी ओळख ठेवायचं साधन. २०२१ पासून क्लबच्या नावातून कंपनीचं नाव काढायचा नियम आला. जाहिरातच गेली. त्यात बांधकाम धंद्याला घरघर लागली. सुपर लीगचा २०२० चा विजेता ज्यांग्सू २८ फेब्रुवारी २०२१ ला बंद झाला. आठ वेळा लीग आणि दोनदा आशियाई चॅम्पियन्स लीग जिंकलेला ग्वांगझोऊ आधी 'जिया' त घसरला आणि जानेवारी २०२५ मध्ये, जुन्या कर्जापायी परवाना न मिळाल्यानं, संपला. वरच्यांची ही गत, तर 'यी' मधल्या संघाची बातमीही होत नाही. महिंद्रा युनायटेड २०१० मध्ये बंद झाला तेव्हा मुंबईत निदान हळहळ झाली होती.

थकबाकी वसूल करायला चिनी खेळाडू जातो ती वाट आपल्याकडच्या एखाद्या सरकारी कचेरीसारखी आहे. पहिली खिडकी फुटबॉल संघटनेची लवाद समिती. पण क्लबची नोंदणीच रद्द झाली की समिती म्हणते, तो आता आमचा सदस्य नाही, आम्हाला अधिकार नाही. दुसरी खिडकी कामगार लवाद. तिथं उत्तर मिळायचं, की क्रीडा कायद्यानुसार स्पर्धात्मक खेळातले वाद क्रीडा लवादाकडं जातात. हा कायदा १९९५ चा आणि त्यात सांगितलेली क्रीडा लवाद संस्था उभी राहिली २०२३ मध्ये. मधली २८ वर्षं बोर्डावर नाव होतं, खिडकीमागं माणूस नव्हता. तिसरी खिडकी न्यायालयाची. तिथं निकाल लागला तरी बंद कंपनीकडं जप्त करायला उरतं काय? वापरलेल्या जाळ्या आणि सरावाचे प्लॅस्टिकचे शंकू. गिरणगावात थकबाकीसाठी वर्षानुवर्षं चकरा मारलेल्या घरांना यात नवं काही वाटणार नाही.

यात आणखी एक खाच आहे, दोन करारांची. चीनमध्ये त्याला 'यिन-यांग करार' म्हणतात. संघटनेकडं नोंदवलेला एक, कमी रकमेचा, आणि कपाटात ठेवलेला दुसरा, खऱ्या रकमेचा. कधी कर वाचवायला, कधी वेतनमर्यादेतून निसटायला. २०२० च्या अखेरीस सुपर लीगमध्ये देशी खेळाडूच्या पगारावर वर्षाला ५० लाख युआनची, म्हणजे आजच्या भावानं सुमारे सहा कोटी रुपयांची मर्यादा आली आणि खालच्या लीगनाही त्यांच्या ऐपतीप्रमाणे लगाम लागला. वाद झाला की समिती नोंदवलेला करार पाहते, दुसऱ्याबद्दल बोलायचं तर नियम मोडल्याची कबुली आधी द्यावी लागते.

फिफाचा नियम सांगतो, की दोन महिन्यांचा पगार थकला, लेखी नोटीस देऊन १५ दिवस झाले, तरी पैसे नाहीत, तर खेळाडू करार मोडू शकतो. पण घरच्या क्लबशी घरच्याच खेळाडूचा वाद असला की तो देशातच मिटवायचा असतो. भारतात खेळाडूंची संघटना आहे, ती फिफप्रो या जागतिक महासंघाला जोडलेली आहे, कुणीतरी पत्र लिहायला असतं. चीनमध्ये अशी स्वतंत्र संघटना नाही. चिनी फुटबॉल संघटनेनं २०२२ मध्ये हप्ते ठरवून दिले होते: जुन्या थकबाकीपैकी ३० टक्के जुलैअखेर, एकूण ७० टक्के ऑक्टोबरअखेर, सगळी डिसेंबरअखेर. चुकलं तर गुण कापायचे. म्हणजे पगार न मिळालेल्या खेळाडूनं घाम गाळून मिळवलेले गुण, त्याला पगार न मिळाल्याच्या शिक्षेपायी वजा. माझ्या मते यापेक्षा विचित्र शिक्षा फुटबॉलमध्ये सापडणं कठीण.

वयाचाही एक सापळा आहे. २०१७ मध्ये सुपर लीग आणि 'जिया' त २३ वर्षांखालचा किमान एक खेळाडू सुरुवातीपासून खेळवणं सक्तीचं झालं. प्रशिक्षकांनी पळवाट काढली, पोराला मैदानात उतरवायचं आणि पंधराव्या-विसाव्या मिनिटाला बाहेर काढायचं. २०१८ मध्ये नियम बदलला, जितके परदेशी खेळवाल तितके तरुणही खेळवा. बाजारात २१-२२ च्या पोरांचा भाव चढला आणि २४ वा लागताच उतरला. खेळ तोच, पाय तेच, जन्मसाल चुकलं. मधल्या फळीतला पंचविशीचा मेहनती खेळाडू अशा वेळी 'जिया' तून 'यी' त उतरतो आणि पुन्हा वर क्वचितच दिसतो. वर जाणारे असतात ते फार लवकर जातात. प्रशिक्षक शू गनबाओ यांच्या शांघायजवळच्या चोंगमिंग बेटावरच्या अकादमीतली पोरं २००६ मध्ये 'यी' त खेळली, त्यांत वू लेई १४ वर्षं २८७ दिवसांचा होता. तो पुढं स्पेनला खेळायला गेला. लीगमधल्या बाकीच्यांना बसची तिकिटं.

चार महिने पगार नसलेल्या माणसाकडं सट्टेवाला पोचायला वेळ लागत नाही. सप्टेंबर २०२४ मध्ये चिनी पोलिसांनी १२० संशयित सामने आणि ४१ क्लब असा हिशेब मांडला, ४३ जणांवर आजन्म बंदी आली. राष्ट्रीय संघाचा माजी प्रशिक्षक ली त्ये याला लाचखोरीबद्दल २० वर्षांची शिक्षा झाली. त्याच्या कबुलीत क्लबच्या बढतीसाठी सामने जुळवल्याचा भाग होता. म्हणजे खालच्या लीगमध्ये प्रतिस्पर्धी अचानक पाय काढून घेतो, तेव्हा त्याला पैसे समोरच्या क्लबकडूनही मिळालेले असू शकतात.

तिशी ओलांडली की वाटा मोजक्या. मुंबईत रेल्वे, पोलीस, बँका, आरसीएफ यांच्या संघांतून नोकरी लागायची आणि बूट टांगल्यावरही पगार चालू राहायचा, आजही थोडाफार राहतो. चीनमध्ये प्रांतीय क्रीडा खात्यांचे संघ तसेच होते, १९९४ नंतर तो आधार बहुतेकांच्या हातून सुटला. आता प्रशिक्षकाचा परवाना काढून शाळेत शिकवायचं आणि शनिवार-रविवारी कंपन्यांच्या हौशी संघांकडून खेळायचं. २०२५ मध्ये ज्यांग्सू प्रांताच्या १३ शहरांची हौशी लीग इतकी गाजली की नानजिंगमधल्या अंतिम सामन्याला ६० हजारांवर लोक होते. यातल्या कित्येकांनी 'यी' मध्ये अख्ख्या हंगामात मिळून एवढी माणसं पाहिली नसतील.

हौशी सामन्याचं मानधन मात्र शेवटच्या शिट्टीनंतर कपडे बदलेपर्यंत फोनवर जमा होतं. सही मागायला कुणी येत नाही.