अभिनेत्रीचा रकाना

फ्रान्समधील एका चित्रपट संग्रहालयात मी जुन्या नायट्रेट फिल्मची, म्हणजे मूकपटांच्या काळातल्या चटकन पेट घेणाऱ्या फिल्मची, तपासणी करते. आम्ही दिवसभर चित्रपट पाहत बसतो, असे लोकांना वाटते. प्रत्यक्षात बराचसा वेळ फिल्मच्या कडेची फाटलेली छिद्रे मोजण्यात आणि फिल्म किती आकसली आहे हे तपासण्यात जातो.

त्या दिवशी हॉलंडहून आलेला डबा उघडला. आत ३५ मिलिमीटरची सुमारे १२० मीटर फिल्म होती, म्हणजे सेकंदाला १६ चौकटी धरल्या तर साडेसहा मिनिटांचा खेळ. दृश्यांच्या मधल्या मजकुराच्या पाट्या डच भाषेत होत्या, कडेवर पाते या फ्रेंच चित्रपट कंपनीचे नाव होते आणि डब्यावर कोणीतरी पेन्सिलीने ‘रोझाली’ असे लिहून ठेवले होते. भिंगाखाली चौकटी सरकवत गेले, तेव्हा खेळण्यातली होडी घरातच तरंगावी म्हणून घरभर पाणी करणारी मुलगी दिसली. ही पाते कंपनीच्या विनोदी मालिकेतली रोझाली नव्हे. त्याच कंपनीच्या दुसऱ्या मालिकेतली, १९११ च्या ‘ल बातो द लेओंतिन’मधली लेओंतिन होती.

सहकाऱ्याचे म्हणणे पडले की, संग्रहालयाच्या नोंदीत अभिनेत्रीच्या रकान्यात सारा द्युआमेल लिहून मोकळे व्हावे; ते नाव लोकांना थोडेफार तरी ठाऊक आहे. प्रेक्षक मिळावेत म्हणून नाव चिकटवण्याची ही सवय आमच्या धंद्यात फार जुनी आहे. द्युआमेल ही १८७३ सालची, अंगाने भरलेली, पाते कंपनीत रोझाली आणि पुढे एक्लेर कंपनीत पेत्रोनील झालेली. त्यातच १९११ च्या एका चित्रपटात रोझाली आणि लेओंतिन दोघी मिळून नाटकाला जातात. दोघी एकाच पडद्यावर वावरत असताना त्या एकच कशा असतील? हा पुरावा मी त्याच्यासमोर ठेवला, तेव्हा तो एवढेच म्हणाला, “मग हिचे नाव काय?”

तेच तर नाही. त्या काळच्या विनोदी मालिकांत पडद्यावर नट-नट्यांची नावे क्वचितच येत. विनोदी नट मॅक्स लिंडर नट म्हणून घेतलेल्या नावाने गाजला, तो अपवाद. एरवी पात्राचे नाव हाच कंपनीचा माल असे. आंद्रे दीद हा नट पाते कंपनीत बुआरो होता. १९०९ मध्ये तो इटलीत तुरीनला इताला कंपनीत गेला, तेव्हा त्याला क्रेतिनेत्ती हे नवे नाव घ्यावे लागले. त्याच्यामागे निदान नट म्हणून त्याचे नाव तरी उरले. लेओंतिन इंग्रजी मुलखात ‘बेट्टी’ म्हणून विकली गेली आणि ती साकारणारी बाई कोण, हे इतिहासकारांनी शोधूनही हाती लागलेले नाही.

आमची संगणकप्रणाली मात्र हा रकाना रिकामा ठेवू देत नाही. ती बनवणाऱ्याने मूकपटाचा एकही डबा उघडला नसावा. ‘अज्ञात’ लिहिले, तर त्याच शब्दाखाली साठवलेल्या शेकडो नोंदींत ही कायमची बुडाली असती. शेवटी मी तिथे ‘लेओंतिन’ असे लिहिले, म्हणजे पाते कंपनीने केले तेच मीही केले. शेरा लिहिण्याच्या जागेत सगळा खुलासा दिला आहे, पण शोध घेणाऱ्याला संगणकाच्या पडद्यावर तो रकाना आधी दिसतो आणि शेऱ्यासाठी आणखी दोनदा कळ दाबावी लागते.