बरं वाटतं म्हणून

मंगळवार, रात्र

"वन्सं, माईंसाठी कुठे? तुम्हाला बरं वाटतं म्हणून नेता तुम्ही डबा." मेथी निवडता निवडता वहिनी बोलून गेली. पुढे माईंच्या खोलीबद्दल जे म्हणाली ते इथे लिहीतसुद्धा नाही.

दुपारपासून तेच डोक्यात आहे. मला बरं वाटतं हे खरंच आहे. माई थरथरत्या बोटांनी वरण-भात कालवतात, पहिला घास तोंडाशी जाईपर्यंत अर्धा ताटात सांडतो. मग म्हणतात, "हिंग जास्त झालाय." तरी दांडिया बाजारातला तो अंधारा जिना उतरताना जीव शांत झालेला असतो. म्हणजे इतकी वर्षं मी स्वतःचंच बघत होते? एवढं करून हेच ऐकायचं, तर... जाऊ दे.

संध्याकाळी कमाटी बागेत गेले, बाबासाहेब आंबेडकरांची आठवण जपणाऱ्या संकल्पभूमीपाशी थांबले. 1913 मध्ये सयाजीराव महाराजांनी बाबासाहेबांना कोलंबियाला शिकायला शिष्यवृत्ती दिली, ती परत येऊन 10 वर्षं संस्थानची नोकरी करायच्या अटीवर. फायदा करारातच लिहिलेला. 1917 मध्ये ते इथे बडोद्यात रुजू झाले, आणि या शहराने त्यांना राहायला जागा दिली नाही. पारशी धर्मशाळेतूनही हाकललं. ती शरम अजून बोचते. संस्थानच्या पदरात ती 10 वर्षं काही पडली नाहीत. पण अट होती म्हणून ते देणं खोटं ठरतं? मला नाही पटत.

डॅनियल बॅटसन या मानसशास्त्रज्ञाचा 1988 मधला एक प्रयोग आठवला. समोरच्याचा त्रास आपण मदत करण्याआधीच टळला तर कसं वाटतं? ज्यांना खरा कळवळा होता, त्यांना स्वतः मदत केल्यावर वाटतं तितकंच बरं वाटलं. ते आपल्याच हातून व्हावं असं काही नव्हतं.

दिवाळीत मी इंदूरला मामांकडे होते, तेव्हा समोरच्या बेन डबा पोचवायच्या. रात्री फोनवर माझं एकच विचारणं, जेवल्या का? जेवल्या म्हटलं की झोप लागायची. तेव्हा तर मी काहीच करत नव्हते. पुण्य असलंच तर बेनच्या खात्यावर.

मग बरं वाटतं तर वाटू दे की. माई जेवल्या की वाईट वाटायला हवं होतं का?

वहिनीवरचा राग पुरता गेलेला नाही. पण उद्या मला पेन्शनच्या कामाला जायचंय, डबा तिच्याकडेच देणार आहे. भात आसट हवा आणि बाराच्या आत पोचायला हवा, तेवढं सांगून ठेवते. माईंची गोळी जेवणानंतरची आहे.