दारातला प्रश्न

आज आईला खांद्यासाठी परत डॉक्टरांकडे नेलं, तिसरी खेप. एक्सरे नॉर्मल आलेला त्यामुळे मी तशी निवांत होते, गोळ्या बदलून देतील आणि सुटलो एवढंच डोक्यात.

दीड तास बसून नंबर लागला. आत गेल्यावर डॉक्टरांनी फाइल चाळता चाळता मला विचारलं, "यांना रात्री दुखतं का?" यांना म्हणजे आईला, जी समोरच बसली होती, कान शाबूत, हिशोब अजून माझ्यापेक्षा फास्ट करते. पण खरं सांगायचं तर तेव्हा मला काहीच खटकलं नाही, मीच धडाधड सांगत सुटले, हो रात्री जास्त, त्या कुशीवर झोपता येत नाही, शुगर आहे, गोळी अमुक तमुक. आईने दोनदा "अहो, मला काय होतं ना..." म्हणून सुरुवात केली. एकदा डॉक्टरांनी तोडलं, एकदा मी.

तपासलं मात्र नीट हां. आधी तिला स्वतःला हात वर करायला लावला, मग त्यांनी धरून फिरवून बघितला, दोन्ही वेळा तिथेच अडला. फ्रोझन शोल्डर म्हणाले, म्हणजे खांदा आखडून बसणं, शुगरवाल्यांना जास्त होतो, गोळ्या लिहिल्या, फिजिओसाठी चिठ्ठी दिली. तोवर पुढचा पेशंट दारातून डोकावायलाच लागला होता.

आम्ही उठलो, मी दार उघडलं आणि आई तिथूनच वळून म्हणाली, "डॉक्टर, मला माझी वेणी परत घालता येईल ना?"

मी गारच झाले. तीन महिने रोज सकाळी तिची वेणी मी घालतेय, ऑफिसच्या घाईत, कधी कंगवा ओढला जातो तर ती हूं की चूं करत नाही. मला वाटायचं तिला फक्त दुखणं थांबायला हवंय.

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं आणि पहिल्यांदा तिच्याकडे बघून बोलले. "येईल असं मला वाटतं, पण लगेच नाही. वर्ष लागेल, शुगर आहे म्हणून कदाचित जास्तच. अगदी पहिल्यासारखा होईल का ते आत्ता नाही सांगता येणार. व्यायाम मात्र सोडायचे नाहीत." मिनिटभर पण लागलं नसेल. वर्ष ऐकून माझं तोंड पडलं आणि ही बाई घरी येईपर्यंत खुशीत! गोळ्या त्याच, चिठ्ठी तीच.

रात्री झोप येईना म्हणून फोनवर शोधत बसले. १९८४ साली अमेरिकेत कोणीतरी मोजलं होतं, पेशंट बोलायला लागल्यावर डॉक्टर सरासरी १८ सेकंदात मध्ये तोंड घालतात. २०१८ च्या एका अभ्यासात तर ११ वरच आलं. आणि मध्ये न तोडता बोलू दिलं तर? स्वित्झर्लंडमध्ये २००२ साली तेही मोजलं, सरासरी ९२ सेकंद. म्हणजे आपण लोक काही तासभर रडगाणं गात नाही, दीड मिनिटात संपतं आपलं! ते वाचून डॉक्टरांवर चिडायचं ठरवलं होतं पण मग माझेच सेकंद कोण मोजणार, मी तर ११ पण दिले नाहीत तिला. आणि बाहेरची ती रांग आठवली, त्यात मीही दर पाच मिनिटांनी "आत एवढा वेळ काय करतायत" म्हणत होतेच की. माझा नंबर येईपर्यंत सगळ्यांचं झटपट आटपावं आणि माझं आलं की डॉक्टरांनी निवांत ऐकावं, असं असतं ते.

अजून एक. "आत्ता नाही सांगता येणार" हे डॉक्टरच्या तोंडून ऐकून धीर येईल असं मला कोणी सांगितलं असतं तर पटलं नसतं. पण आईचा त्यांच्यावर विश्वास बसला तो तिथेच, "काळजी करू नका" तर मागच्या दोन्ही वेळेला म्हणून झालंच होतं.

मगाशी पाणी प्यायला उठले तर आईच्या खोलीत लाइट. भिंतीसमोर उभी, बोटं मुंग्यांसारखी एकेक करत भिंतीवर चढवतेय. जिथे थांबली तिथे दुसऱ्या हाताने पेन्सिलची खूण केली, बाजूला तारीख. उद्या फिजिओकडे जायचंय, चिठ्ठी मी फाइलमध्ये ठेवत होते तर म्हणाली, दे इकडे, माझ्या पर्समध्ये राहू दे.