हसू आणि रडू

शनिवार, रात्र

जेवणं आटोपल्यावर 'हसू आणि रडू' हा मूकपट पुन्हा लावला. १८९८ साली प्रागमध्ये घेतलेला, मिनिटभराचाही नाही. गोष्ट म्हणाल तर नाहीच. एक माणूस हसतो आणि रडतो. बस्स.

त्याचं नाव योसेफ श्वाब-मालोस्ट्रान्स्की. चेक सिनेमाचा पहिला नट म्हणून तिकडे मान आहे त्याला. इकडे विचारलं तर लोक म्हणतील, कोण बुवा हा? खरं तर तो कॅबरेतला गडी. विनोदी गाणी स्वतः लिहायची आणि स्वतःच म्हणायची. जन्म १८६०चा, प्रागच्या माला स्त्राना भागातला. आपल्याकडे पुणेकर, सातारकर लावतात तसं त्याने मोहल्ल्याचं नाव आडनावाला जोडलेलं.

हा मूकपट घेणाऱ्या यान क्रिझेनेत्स्कीने फ्रान्सच्या लुमिएर बंधूंचं सिनेमाचं यंत्र आणलं. एकच पेटी, त्यातच चित्रण, त्यातच प्रिंट काढायची, त्यातूनच पडद्यावर दाखवायचं. एका रिळात जेमतेम सतरा मीटर फिल्म मावायची, म्हणजे नटाला जे करायचं ते पाऊण-एक मिनिटात. त्या उन्हाळ्यात प्रागला वास्तुकला आणि अभियांत्रिकीचं मोठं प्रदर्शन भरलं होतं, तिथेच हे तुकडे लोकांना दाखवले. बाकीचे तुकडे बहुतेक शहरातल्या वर्दळीचे. श्वाबचे मात्र रचलेले. एकात तर प्रदर्शनातला सॉसेजवाला आणि पोस्टर चिकटवणारा यांची जुंपते.

पण मी अडकतो ते चेहऱ्यापाशीच. हसताना गाल वर चढतात, डोळे बारीक होतात, सगळं तोंड पसरतं. आणि रडू येतं तेव्हा तोच चेहरा खाली ओघळतो. अतिरेक आहे, हो. मागच्या बाकावरच्या माणसालाही कळावं असा. आजच्या नजरेला ते तोंड वेडंवाकडं करणं वाटेल, पण मला तसं म्हणवत नाही. कुठे थांबायचं ते त्याला नेमकं ठाऊक आहे.

ज्याचा धंदाच गळ्यावर चालायचा, त्याला या यंत्राने आवाज वगळून ठेवून घेतलं. गाणं म्हणताना तो कसा दिसत असेल याचा अंदाज बांधता येतो, कसा ऐकू येत असेल याचा नाही. त्याला मात्र याचं वाईट वाटलेलं दिसत नाही. १९१३ साली त्याने 'माणसाची पाच इंद्रिये' नावाचा चित्रपट स्वतःच दिग्दर्शित केला. म्हणजे आवाज नसला तरी चालेल, हे त्याने मनावर घेतलं होतं म्हणायचं! १९३२ साली तो गेला, तोवर चेक बोलपट सुरू झालेले होते.

उद्या सॉसेजवाला परत बघायचाय. भांडणाच्या नादात मागच्या भिंतीवर काय चिकटवलंय ते नीट पाहिलंच नाही.