एकाच निकालावरचे दोन अर्ज

मध्य प्रदेश हायकोर्टाच्या इंदूर खंडपीठात त्या दिवशी एकाच अपिलातले दोन अर्ज बोर्डावर होते, बापाचा आणि मुलाचा. सत्र न्यायालयाने दोघांनाही कलम ३०२ सह ३४ (समान इराद्याने खून) खाली जन्मठेप दिलेली. गुन्हा १ जुलै २०२४ पूर्वीचा, म्हणजे नवे फौजदारी कायदे लागू होण्याआधीचा, म्हणून शिक्षा भारतीय दंड विधानाची. अपील मात्र त्यानंतरचं, म्हणून शिक्षा स्थगितीचा, म्हणजे अपिलाचा निकाल लागेपर्यंत शिक्षा थांबवण्याचा, अर्ज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४३० खाली. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हेच कलम ३८९ होतं.

कोर्टाबाहेर काकू उभ्या होत्या, एकाची बायको आणि दुसऱ्याची आई. त्यांनी विचारलं, "वकीलसाहेब, दोघं सुटतील ना?" मी म्हटलं, "काकू, दोघांचं वेगवेगळं बघतील."

हे आधी सांगावंच लागतं. खटला संपण्याआधीच्या जामिनात माणूस निर्दोष धरून चालतात. दोषी ठरल्यावर ते गृहीतक उरत नाही. ओमप्रकाश साहनी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०२३ साली सांगितलं की या टप्प्यावर पुरावा नव्याने तोलायचा नाही. निकालात सरळ डोळ्यांत भरेल अशी उणीव आहे का आणि अपिलात सुटण्याची चांगली शक्यता दिसते का, एवढंच पाहायचं. म्हणून पन्नास विसंगतींची यादी घेऊन उभं राहणारा वकील पक्षकाराचं नुकसान करतो. एक मुद्दा हवा, आणि तो निकालाच्या पानावरच बोट ठेवून दाखवता यायला हवा.

बापाबाबत तसा मुद्दा होता. त्याच्यावर आरोप फक्त ललकाऱ्याचा: "सोडू नकोस याला" असं ओरडल्याचा. फिर्याद मृताच्या जखमी भावाने त्याच रात्री दिली, तिच्यात ललकारा नाही. तो पहिल्यांदा आला अकरा दिवसांनी घेतलेल्या जबाबात. निकालाच्या २७व्या परिच्छेदात न्यायाधीशांनीच हे नोंदवलं होतं. मी तेवढाच परिच्छेद वाचला. शिवाय खटल्याची साडेतीन वर्षं तो जामिनावर होता आणि एकही तारीख चुकली नव्हती. सरकारी वकिलांनी लेखी विरोध दाखल केला होता. जन्मठेपेच्या प्रकरणात त्यांना ती संधी द्यावीच लागते. कोठडीचा हिशेब करताना तुरुंगाचा दाखला पुरत नाही. त्यात कधीकधी शिक्षेनंतरचेच दिवस येतात. सुरुवातीच्या अटकेचे चार महिने निकालासोबतच्या जुन्या संहितेच्या कलम ४२८ च्या (आधीच्या कोठडीच्या वजावटीच्या) प्रमाणपत्रात होते, तेही जोडलं.

मुलाच्या बाबतीत जखमी साक्षीदार ठाम होता. सुरी मुलाच्याच सांगण्यावरून जप्त झालेली आणि शवविच्छेदनातली छातीची जखम तिच्याशी जुळणारी. जप्तीचे पंच फितूर झाले, हे खरं. पण तो मुद्दा काढताच खंडपीठाने सांगितलं, हे अंतिम सुनावणीत पाहू. काश्मीरा सिंग खटल्याचा १९७७ चा निवाडा अपील वर्षानुवर्षं लटकतं तेव्हा उपयोगी पडतो. इथे कोठडी दोन वर्षांचीही नव्हती. मी अर्ज मागे घेण्याची परवानगी मागितली. कारणांसह फेटाळलेला आदेश पुढच्या अर्जात आडवा येतो. मागे घेतलेला त्या मानाने बरा.

बापाची शिक्षा स्थगित झाली: दंड भरायचा, ५० हजारांचा जातमुचलका, तेवढ्याच रकमेचा एक जामीनदार, आणि ठरलेल्या तारखेला हायकोर्टाच्या रजिस्ट्रीत हजेरी. काकूंना वाटलं, संध्याकाळी घरी येतील.

दंडाची पावती जोडली होती. जामीनदार म्हणून चुलतभावाने आणलेल्या ऋण पुस्तिकेवर (शेतजमिनीच्या नोंदींची पुस्तिका) आधीच दुसऱ्या प्रकरणातल्या जामिनाची नोंद निघाली, सत्र न्यायालयाने ती नाकारली. दुसऱ्या दिवशी देवासहून मेव्हणा आपली पुस्तिका घेऊन आला, तिच्यावर नोंद झाली, सुटकेचा हुकूम निघाला. तुरुंगातून तो हुकूमच परत आला. बापाला कलम ३२४ सह ३४ (घातक हत्याराने दुखापत) खाली एक वर्षाची वेगळी शिक्षाही होती. आमच्या अर्जाच्या विनंतीत फक्त ३०२ लिहिलं होतं, म्हणून आदेशातही तेवढंच. तुरुंगाधिकाऱ्यांचं काही चुकलं नव्हतं. स्थगित न झालेली शिक्षा ते कशी सोडणार? दुरुस्तीचा अर्ज, सोमवारी खंडपीठापुढे उल्लेख, मंगळवारी नवा हुकूम. एका ओळीपायी माणूस पाच दिवस जास्त आत राहिला. विनंतीच्या परिच्छेदात प्रत्येक कलम आणि प्रत्येक शिक्षा निकालाच्या शेवटच्या पानावरून एकेक टिपून घ्यावी. नावाचं स्पेलिंगही तिथूनच.

मंगळवारी तो बाहेर आला तेव्हा रजिस्ट्रीच्या हजेरीची तारीख मी आदेशाच्या प्रतीवर लाल शाईने लिहून दिली. ती चुकली की थेट वॉरंट निघतं. काकूंनी कागद घडी करून पिशवीत ठेवला आणि विचारलं, "आणि याचं?"

मुलाच्या पेपर बुकची, म्हणजे अपिलाच्या सुनावणीला लागणाऱ्या खटल्याच्या कागदपत्रांच्या संचाची, मागणी त्याच दुपारी टाकली.