कोन्या: सेल्जुक नक्की कोणाचे?

तुर्कीला जाणारी आपली बहुतेक मंडळी इस्तंबूल आणि कप्पाडोकिया करतात, कोन्या झालंच तर मौलाना रूमींच्या समाधीपुरतं, हिरवा घुमट बघायचा, जेवायचं की गाडी पुढे. मी मात्र अंकाराहून फास्ट ट्रेनने मुद्दाम सेल्जुकांसाठी गेले, म्हणजे मध्ययुगात कोन्यातून राज्य करणाऱ्या घराण्यासाठी, कारण हे रूमचे (म्हणजे अनातोलियाचे, आजच्या तुर्कीच्या आशियाई भागाचे) सुलतान तुर्क की इराणी हा वाद कितीतरी दिवस डोक्यात घोळत होता. तुर्कीत १०७१ म्हणजे जवळजवळ राष्ट्राचा जन्म, त्या वर्षी मोठ्या सेल्जुक साम्राज्याच्या (रूमचे सेल्जुक ही त्याच घराण्याची शाखा) सुलतान अल्प अर्सलानने मलाझगिर्तला बायझंटाईन सम्राटाला हरवलं. तिकडे राष्ट्राध्यक्षांच्या मानचिन्हावर जे १६ तारे आहेत ते १६ तुर्क साम्राज्यांचे मानतात आणि त्यात हे मोठं सेल्जुक साम्राज्य आहेच. इराणी बाजूचं म्हणणं असं की दरबाराची भाषा फारसी, इतिहास फारसीत, कविता फारसीत, मग तुर्क उरलं काय?

कोन्यातल्या अलाउद्दीन टेकडीवरच्या मशिदीच्या आवारात रूमचे आठ सुलतान पुरलेत. त्यांची नावं वाचा नुसती. आधीचे मसूद आणि किलिज अर्सलान, आणि मग एकदम कैखुसरो, कैकुबाद, म्हणजे शाहनाम्यातल्या इराणी राजांची नावं! मशिदीचे खांब जुन्या रोमन-बायझंटाईन इमारतींचे काढून लावलेले, लाकडी मिंबर (प्रवचनाचं पायऱ्यांचं व्यासपीठ) ११५५ चं, पूर्वेकडच्या अहलात गावच्या कारागिराचं, आणि बाहेरच्या शिलालेखात दमास्कसच्या माणसाचं नाव. मी तिथे बराच वेळ बसून होते, एका छपराखाली इतकं सगळं.

पण म्हणून ते इराणी झाले असं म्हणणंही मला पटत नाही. घराणं ओघुझ तुर्कांच्या किनिक टोळीचं, आणि दुसऱ्या किलिज अर्सलानने म्हातारपणी राज्य मुलांमध्ये वाटून टाकलं (आणि मुलं भांडली!), ही राज्य सगळ्या घराण्याचं मानायची स्टेपमधली (मध्य आशियातल्या गवताळ प्रदेशातली) जुनी रीत, ती इतक्या पिढ्यांनंतरही सुटली नव्हती. आणि आया बघा, पहिल्या कैखुसरोची आई ग्रीक, दुसऱ्या कैखुसरोची बायको जॉर्जियाची राजकन्या, जिने पुढे मौलानांच्या समाधीसाठी पैसे दिले. याच दुसऱ्या कैखुसरोच्या नाण्यांवर सिंह आणि सूर्य आहे, आणि हेच चिन्ह नंतर १९७९ पर्यंत इराणच्या झेंड्यावर होतं. आता सांगा नाणं कोणाचं.

टेकडीच्या कडेलाच कराताय मदरसा आहे, १२५१ चा, आता टाइल्सचं म्युझियम. सुलतानांच्या कुबादाबादच्या राजवाड्यातल्या टाइल्स इथे ठेवल्यात, गोल चेहऱ्याची, बारीक डोळ्यांची, मांडी घालून बसलेली माणसं, मोर, दोन डोक्यांचा गरुड. मला सगळ्यात जास्त हेच आवडलं, अगदी परत जाऊन बघितलं.

भाषेचं भांडण तर त्या काळातलंच आहे. १२७७ मध्ये करामानच्या मेहमेद बे या तुर्क सरदाराने कोन्या घेतलं आणि हुकूम काढला म्हणतात की यापुढे दरबारात, बैठकीत, मैदानात तुर्कीच बोलायचं. करामानला दरवर्षी १३ मेला त्याचा उत्सव असतो. पण या हुकमाची हकीकत आपल्याला कळते ती सेल्जुक दरबाराचा इतिहासकार इब्न बीबीकडून, आणि त्याने लिहिलं फारसीत. आपल्या दख्खनमध्येही बहमनींचा दरबार फारसी आणि रयत मराठी, कानडी, तेलुगू बोलणारी, त्यामुळे मला हे फार परकं वाटलं नाही.

मौलानांच्या समाधीपाशी एक इराणी कुटुंब हळू आवाजात मसनवी (मौलानांचं दीर्घ काव्य) म्हणत होतं, शेजारी तुर्की आजीबाई दुवा मागत होत्या. मौलानांचा जन्म १२०७ चा, बाल्खकडचे म्हणून अफगाणही त्यांना आपले म्हणतात, लिहिलं फारसीत, गेले १२७३ मध्ये कोन्यात. माझं मत सांगते, सेल्जुक वंशाने तुर्क, दरबाराने फारसी आणि मातीने रूमचे, आणि यातलं एकही काढून टाकलं की टेकडीवरची ती मशीद समजतच नाही. ज्यांना फक्त एकच लेबल हवंय त्यांनी आधी त्या आठ कबरींवरची नावं वाचावीत.

जाणार असाल तर समाधी उरकून पळू नका. टेकडी, कराताय आणि इंजे मिनारे (दगडी कोरीवकामाचं म्युझियम, किल्ल्याच्या तटावरचे पंखवाले देवदूत इथे आहेत) हे सगळं पायी फिरून होतं. बेयशेहिर तळ्याकाठचे कुबादाबादचे अवशेष माझे राहिले, पुढच्या वेळी आधी तिकडेच जाणार.