घटिकायुग: लुप्त दिवसांचा नियम आणि तांब्याचे घटिकापात्र

‘घटिकायुग’ या माझ्या बोर्डगेमचा गाभा आता पक्का झाला आहे, त्यामुळे या नोंदीत नियमांविषयी सविस्तर आणि रंगकामाविषयी मोजके लिहितो. नव्या वाचकांसाठी सांगतो की, या काल्पनिक युगात चार सत्ता काळावर ताबा मिळवण्यासाठी झगडतात. मात्र कोणीही भूतकाळात शिरत नाही किंवा क्षण गोठवत नाही. आज कोणती तिथी आणि आता कोणता प्रहर, हे ठरवण्याचा अधिकार ज्याच्या हाती, त्याच्या हिशेबाने इतरांची कर्जे फिटतात, जकात भरली जाते आणि तह संपतात. मला या खेळातून मांडायची आहे ती हीच सत्ता.

गोव्यात राहणाऱ्याला या कल्पनेसाठी दूर जावे लागत नाही. १९६१ पूर्वी येथील घड्याळ भारतीय प्रमाणवेळेच्या अर्धा तास मागे चालत होते, तर मुंबईने आपली स्वतंत्र वेळ १९५५ पर्यंत सोडली नव्हती. शिवकालीन कागदपत्रांत शके आणि शुहूर सन या दोन कालगणना शेजारी शेजारी नांदतात, आणि १६७४ मध्ये राज्याभिषेकाबरोबर नवा शकही सुरू झाला. राज्यकर्त्याने स्वतःचा शक सुरू करणे ही केवढी मोठी घोषणा असते, हे खेळ रचताना मला अधिकच जाणवले. नकाशावरचा किनारा काल्पनिक असला, तरी त्याचा आकार मी मांडवी आणि झुवारीच्या मुखांवरून घेतला आहे. दिवाडी आणि चोडण ओळखणाऱ्याला खाडीतली बेटे लगेच ओळखता येतील.

सर्वाधिक श्रम ‘लुप्त दिवस’ या पत्त्यावर झाले. १५८२ मध्ये पोर्तुगालमध्ये ग्रेगोरियन कालगणना लागू होताना ४ ऑक्टोबरनंतर थेट १५ ऑक्टोबर उजाडला आणि मधले दहा दिवस दप्तरातून नाहीसे झाले. खेळात चार सत्तांपैकी घंटापीठाने हा पत्ता टाकला की, कालपट्टीवरची सोंगटी दहा घरे पुढे जाते. मध्ये येणाऱ्या सर्व मुदती त्याच क्षणी पुऱ्या होतात, कर्जदारांना तत्काळ देणे चुकवावे लागते. पण शेतातले पीक मात्र एका दिवसानेही वाढत नाही, कारण पिकाची पट्टी सूर्याशी बांधलेली आहे. या एका विसंगतीतून खेळाडूंमध्ये जो वाद आणि जी घासाघीस सुरू होते, ती मला अतिशय प्रिय आहे. याला उतारा म्हणून तिथिकार या दुसऱ्या एका सत्तेकडे ‘अधिक मास’ हा पत्ता आहे. चांद्रवर्ष साधारण ३५४ दिवसांचे असल्यामुळे सौरवर्षापेक्षा सुमारे अकरा दिवसांनी मागे पडते आणि ती तूट साधारण बत्तीस-तेहतीस महिन्यांनी एक महिना वाढवून भरून काढली जाते. खेळातही तिथिकार हा पत्ता मनास येईल तेव्हा टाकू शकत नाहीत. तूट पुरेशी साचावी लागते, आणि ती साचताना सर्वांना दिसते. त्यामुळे ऋणको त्यांच्याभोवती आधीपासूनच गोळा होऊ लागतात.

आता घटिकापात्राविषयी, म्हणजे पाण्यावर ठेवलेली वाटी बुडेपर्यंतचा वेळ मोजणाऱ्या साधनाविषयी. वाळूचे घड्याळ मला या युगाला परके वाटत होते, म्हणून म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारातून तांब्याची एक पातळ वाटी आणली आणि तिच्या तळाला बारीक भोक पाडले. घटिका म्हणजे चोवीस मिनिटे, दिवसाचा साठावा भाग. भोक वाढवले की वाटी लवकर बुडते, म्हणून सुई अगदी हलक्या हाताने फिरवावी लागते; पाणी कोमट असेल तरीही ती थोडी आधी बुडते, तेव्हा घंगाळातले पाणी खेळाच्या बरेच आधी भरून ठेवावे. शेवटच्या टप्प्यात पाणी काठाशी येते, वाटी किंचित कलते, काठावरून पाण्याची एक पातळ धार आत शिरते आणि वाटी तळाला आपटून घुमा आवाज करते. एका घटिकेत चौघांचीही खेळी संपली पाहिजे असा नियम आहे, त्यामुळे प्रत्येकाच्या वाट्याला पंधरा पळे, म्हणजे सहा मिनिटे येतात. पहिला खेळाडू रेंगाळला तर शेवटच्याची पळे तो खातो, आणि काळाचा झगडा पटावरून उतरून खेळणाऱ्यांमध्येच सुरू होतो. फोंड्याच्या आमच्या गटात आता घंगाळाकडे पाहत बोलण्याची सर्वांना सवय जडली आहे.

मिनिएचरपैकी, म्हणजे पटावरच्या छोट्या प्रतिकृतींपैकी, घंटापीठाचे मनोरे पूर्ण झाले आहेत: काळा प्रायमर (पहिला थर), त्यावर जांभ्या दगडाच्या छटेचे ड्रायब्रश (जवळजवळ कोरड्या कुंचल्याचा हलका हात) आणि खाचांमध्ये तपकिरी वॉश (पातळ रंग). पावसाळी दमट हवेत वार्निशवर पांढुरकी झाक येते, म्हणून गलबतांचे वार्निश कोरड्या दिवसांपर्यंत थांबवले आहे.

उरलेले मोठे काम चौथ्या सत्तेचे, म्हणजे नाविकांचे आहे. पृथ्वी तासाला पंधरा अंश फिरते, त्यामुळे जहाजावरचे घड्याळ चार मिनिटांनी चुकले तर रेखांश एका अंशाने चुकतो आणि विषुववृत्तावर हे अंतर सुमारे १११ किलोमीटर भरते. इंग्रज घड्याळजी जॉन हॅरिसनचे सागरी घड्याळ १७६१ मध्ये जमैकाच्या सफरीवर गेले, ते याच प्रश्नाचे उत्तर म्हणून. खेळात नाविक बंदराबाहेर जितके दिवस राहतील तितकी त्यांच्या घड्याळाची चूक वाढते आणि बंदरात परतल्यावरच ती शून्य होते. पण पावसाळ्यात बंदरे बंद असतात, आणि पाऊसही पिकाप्रमाणे सूर्याच्या पट्टीवर चालतो. त्यामुळे लुप्त दिवसांचा पत्ता पडल्यावर दप्तरात आषाढ आणि समुद्रात अजून ज्येष्ठ, अशी स्थिती येते. अशा वेळी बंदर दप्तराप्रमाणे बंद धरावे की आभाळाप्रमाणे उघडे, याचे दोन्ही नियम लिहून तयार आहेत. पुढच्या बैठकीत दोन्ही खेळून पाहणार आहोत. माझा कल आभाळाकडे आहे.